टाइम मशीन, पानिपत आणि घरातला 'जर'

(संगमनेर येथे दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे.)



आज टाइम मशीनवर बोलायला जातोय असं आम्ही घरी सांगितलं, तेव्हा नातवाने एकच प्रश्न विचारला, "आजोबा, संगमनेरला अजून रेल्वे आली नाही, आणि तुम्ही डायरेक्ट टाइम मशीन आणताय?" (हशा) पुणे-नाशिक रेल्वेची चर्चा आपण सगळेच किती वर्षं ऐकतो आहोत, ते काही वेगळं सांगायला नको. पण त्या पोराने नकळत विषयाच्या मुळावरच बोट ठेवलं. रेल्वे आणि टाइम मशीन यांचं नातं फार जवळचं आहे. तेव्हा सुरुवात तिथूनच करू.

काळातून प्रवास ही कल्पना आपल्याला नवी नाही. भागवतात राजा ककुद्मीची कथा आहे. आपली मुलगी रेवती हिला योग्य वर कोणता, हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तिथे गायन चालू असतं. राजा थोडा वेळ थांबतो आणि मग प्रश्न विचारतो. ब्रह्मदेव हसतात. तू ज्यांची नावं मनात घेऊन आलास ते तर राहिले नाहीतच, त्यांच्या नातवा-पणतवांचीही नावं आता कुणाला माहीत नाहीत, पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली. शेवटी रेवतीचा विवाह बलरामाशी होतो. आता या कथेत दोन गोष्टी लक्षात ठेवा. एक, प्रवास फक्त पुढे होतो, मागे येण्याची सोय नाही. दोन, यात यंत्र कुठेच नाही. कुणी दांडा ओढला नाही, कुणी वर्ष निवडलं नाही. काळ राजाला घडला, राजाने तो चालवला नाही.

यंत्र आलं ते एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी. एच. जी. वेल्स यांची 'द टाइम मशीन' ही कादंबरी १८९५ साली प्रसिद्ध झाली. त्यांच्या आधी एन्रिके गास्पार नावाच्या स्पॅनिश लेखकाने १८८७ मध्ये काळातून जाणाऱ्या यंत्राची गोष्ट लिहिली होती, पण जगाच्या डोक्यात बसलं ते वेल्सचं यंत्र. निकेलच्या कांड्या, हस्तिदंत, स्फटिक, बसायला खोगिरासारखी जागा आणि दोन दांडे. एक पुढे जायचा, एक मागे यायचा. थोडक्यात, सायकल आणि घड्याळ यांचं लग्न लावून दिल्यासारखं ते यंत्र आहे.

हे यंत्र नेमकं तेव्हाच का सुचलं? आमचं उत्तर असं, की काळ हा रुळांसारखा सरळ, सारख्या भागांत मोजलेला, सगळीकडे एकच असतो, ही जाणीवच मुळी रेल्वेने आणि तारखात्याने दिली. त्याआधी प्रत्येक गावाची दुपार वेगळी होती. सूर्य डोक्यावर आला की बारा वाजले. गाड्या धावायला लागल्यावर ते चालेना, कारण वेळापत्रक छापायचं तर वेळ एक पाहिजे. आपल्याकडे १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. मुंबईकरांनी मात्र आपली मुंबईची वेळ, जी प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे होती, ती १९५५ पर्यंत चालवली. म्हणजे जवळजवळ पन्नास वर्षं मुंबईत स्टेशनवर उभं राहिलं की एक वेळ आणि शहरात आलं की दुसरी. टाइम मशीन वेगळं काय असतं हो? (हशा)

दुसरं कारण जास्त खोल आहे. भूगर्भशास्त्राने पृथ्वीचं वय हजारांतून कोटींत नेलं होतं आणि डार्विनने माणसाला त्या लांबलचक काळात बसवलं होतं. वेल्स हे डार्विनचे खंदे पाठीराखे हक्स्ली यांचे विद्यार्थी. एकदा काळ इतका लांब पसरलेला आहे असं कळलं, की त्यात फिरून यावंसं वाटणारच.

आता त्या कल्पित जगात या यंत्राचं काम काय आहे ते पाहा. वेल्सचा प्रवासी सन ८०२७०१ मध्ये जातो. तिथे माणसाच्या दोन जाती झालेल्या असतात. वर उजेडात राहणारे नाजूक, निरुद्योगी एलॉय, आणि खाली अंधारात यंत्रं चालवणारे मॉरलॉक. हे मॉरलॉक रात्री वर येऊन एलॉयना खातात. वेल्स आठ लाख वर्षांनंतरचं सांगत नव्हते. त्यांच्या वेळच्या लंडनमध्ये तळघरात राबणारे आणि वर दिवाणखान्यात बसणारे यांच्यातली दरी अशीच वाढत गेली तर पुढे काय होईल, हे ते सांगत होते. आणि एक गंमत बघा, यंत्राला मागे जायचा दांडा असूनसुद्धा वेल्स आपल्या प्रवाशाला वर्तमानाच्या मागे, इतिहासात, नेत नाहीत. मागे जायचं ते फक्त घरी परतण्यापुरतं. इतिहासात पाऊल टाकलं की भानगडी सुरू होतात, हे त्यांना कळलं असावं.

भानगड कोणती, ती तर्कशास्त्राची आहे. आम्ही मागे जाऊन आमच्या आजोबांना त्यांच्या लग्नाआधीच मारलं, तर आमचा जन्म होणार नाही. जन्म नाही, तर मारायला गेलं कोण? डेव्हिड लुइस या अमेरिकन तत्त्वज्ञाने १९७६ साली एक प्रसिद्ध निबंध लिहिला. त्यात टिम नावाचा माणूस मागे जातो, त्याच्याकडे बंदूक आहे, नेम चांगला आहे, आजोबा समोर आहेत. तरी तो मारू शकणार नाही. कुणी दैवी हात आडवा येणार नाही, अगदी साधं काहीतरी होईल. पाय घसरेल, मन बदलेल, बंदूक अडेल. कारण आजोबा त्या दिवशी मेले नव्हते, ही गोष्ट घडून गेलेली आहे. लुइस म्हणतात, काळप्रवास शक्य असला तरी भूतकाळ बदलणं शक्य नाही, कारण एकच क्षण दोनदा घडत नाही. हे नीट ध्यानात ठेवा, शेवटी आपल्याला लागणार आहे.

विज्ञान काय म्हणतं? पुढे जाण्याला विज्ञानाची हरकत नाही. आइन्स्टाइनच्या सिद्धांतानुसार वेगाने आणि गुरुत्वाकर्षणाने घड्याळाची चाल बदलते. तुमच्या खिशातल्या मोबाइलला रस्ता दाखवणारे जीपीएसचे उपग्रह घ्या. त्यांच्यातली घड्याळं जमिनीवरच्या घड्याळापेक्षा रोज साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात. ही चूक दुरुस्त केली नाही, तर एका दिवसात दहाएक किलोमीटरचा फरक पडेल. म्हणजे पत्ता संगमनेर बसस्थानकाचा टाकायचा आणि पोचायचं भलत्याच शिवारात. मागे जाण्याचं मात्र तसं नाही. १९४९ साली गणितज्ञ गोडेल यांनी आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून एक असं फिरतं विश्व मांडून दाखवलं, की ज्यात प्रवासी आपल्याच भूतकाळात पोचू शकतो. पण ते विश्व कागदावरचं, आपलं नव्हे.

इथे आपण आपल्या माणसाकडे येऊ. जयंत विष्णू नारळीकर. जन्म १९३८, कोल्हापूर. २०२५ च्या मे महिन्यात पुण्यात ते गेले. केंब्रिजमध्ये फ्रेड हॉयल यांच्याबरोबर त्यांनी गुरुत्वाकर्षणावर काम केलं, हे सगळ्यांना माहीत आहे. काळाला दिशा का असते, लहरी भूतकाळाकडून भविष्याकडेच का जातात, हा प्रश्नही त्या दोघांच्या संशोधनात होता, हे कमी लोकांना माहीत आहे. आणि हॉयल स्वतः कादंबऱ्या लिहीत. १९६६ साली आलेल्या त्यांच्या एका कादंबरीत पृथ्वीचे वेगवेगळे भाग एकाच वेळी वेगवेगळ्या शतकांत असतात. इंग्लंडमध्ये १९६६ चालू आहे आणि शेजारी युरोपात पहिलं महायुद्ध पेटलेलं आहे. गुरू असा असल्यावर शिष्य काय करणार?

१९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत एक कथा आली. लेखकाचं नाव नारायण विनायक जगताप, कथेचं नाव 'कृष्णविवर'. तिला पहिलं बक्षीस मिळालं. हे ना. वि. ज. म्हणजे ज. वि. ना. उलटे फिरवलेले! नावाचा दबाव परीक्षकांवर येऊ नये म्हणून नारळीकरांनी टोपणनाव घेतलं होतं. आणि पहिल्याच कथेसाठी त्यांनी विषय निवडला तो प्रचंड गुरुत्वाकर्षणाजवळ काळ मंदावण्याचा. आमच्या मते ही ककुद्मीचीच गोष्ट, फक्त ब्रह्मलोकाच्या जागी कृष्णविवर. पुढे 'टाइम मशीनची किमया' या नावाचा त्यांचा कथासंग्रहही आला.

पण आज आम्हाला बोलायचंय ते 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेवर. तिच्यात यंत्र नाही, ट्रक आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत पानिपतच्या लढाईचा विचार करत चाललेले असतात आणि ट्रकची धडक बसते. शुद्धीवर येतात ते दुसऱ्याच जगात. त्या जगात १७६१ साली पानिपतावर मराठे जिंकलेले असतात. पंत मुंबईला येतात, एशियाटिकच्या ग्रंथालयात जातात आणि आपलीच इतिहासाची पुस्तकं उघडून बघतात, की वाट फुटली कुठे. मोठ्या सैन्यात नाही, डावपेचातही नाही. विश्वासरावांना लागलेली गोळी त्या जगात लागत नाही, जवळून निघून जाते. बस्स, एवढंच. बखरीचं ते पान चुकून त्यांच्या खिशात राहतं आणि आपल्या जगात परतल्यावर पुरावा म्हणून उरतं.

ही कथा वाचून पुष्कळांची छाती फुगते. पण लेखकाने जिंकल्यानंतरची गोष्ट काय सांगितली आहे, ती नीट वाचा. त्या जगातले पेशवे नुसते जिंकून थांबत नाहीत. युरोपात यंत्रयुग सुरू झालंय हे ओळखून ते स्वतःची विज्ञान-तंत्रज्ञानाची केंद्रं उभी करतात. कंपनीकडून तज्ज्ञ घेतात, पण आपल्या पायावर उभं राहण्यापुरतेच. म्हणजे नारळीकरांच्या जगात गोळी चुकली हा योगायोग, पण पुढचं सगळं माणसांनी निवडलेलं आहे. गोळी चुकली तरी ही केंद्रं निघाली नसती, तर काय झालं असतं? पन्नास-साठ वर्षं उशिरा तेच झालं असतं, असं आम्हाला वाटतं.

आणि गंगाधरपंतांचं काय होतं? त्या जिंकलेल्या जगात ते आझाद मैदानावरच्या एका सभेत जातात. अध्यक्षांची खुर्ची रिकामी दिसते, म्हणून सवयीने जाऊन बसतात. त्या जगात अध्यक्षीय भाषणांची पद्धतच मोडीत निघालेली असते. लोक त्यांच्यावर मिळेल ते फेकतात. (हशा) व्याख्यात्यांनी ही कथा जपून वाचावी. पण गंमत सोडा. पंत त्या जगात काहीही बदलू शकत नाहीत. तिथे त्यांना ओळखणारं कुणी नाही. ते फक्त पाहू शकतात.

मग अशा यंत्राचा, किंवा अशा ट्रकचा, उपयोग काय? आमचं आजचं सगळं म्हणणं एवढ्यातच आहे. काळयंत्राने भूतकाळ दुरुस्त होत नाही. त्याने होतं ते असं, की भूतकाळातल्या माणसांना त्यांचा उद्या परत मिळतो.

आपण इतिहास उलटा वाचतो, निकाल आधी माहीत असतो. त्यामुळे १४ जानेवारी १७६१ च्या सकाळी भाऊसाहेब घोड्यावर बसले, तेव्हाच ते हरलेले आपल्याला दिसतात. त्यांना ते माहीत नव्हतं. दुपारपर्यंत अब्दालीलाही माहीत नव्हतं. ही साधी गोष्ट आपण विसरतो आणि मग दोनशे-अडीचशे वर्षांनी खुर्चीत बसून त्यांना शहाणपण शिकवतो. गंगाधरपंतांच्या कथेने आपल्या डोक्यात ती सकाळ पुन्हा उघडते.

पानिपतानंतर महाराष्ट्राने काळ मागे फिरवायचा एक खराखुरा प्रयत्न केला होता. भाऊसाहेब गेले हे पुष्कळांना पटेना. त्यांच्या पत्नी पार्वतीबाईंनी तर वैधव्य स्वीकारलंच नाही. आणि मग तोतया आला. मीच भाऊ, म्हणून उभा राहिला. त्याच्यामागे माणसं गेली, कोकणातले किल्ले गेले, शेवटी १७७६ साली तो पकडला गेला आणि त्याला ठार करण्यात आलं. न. चिं. केळकरांनी 'तोतयाचे बंड' हे नाटक यावरच लिहिलं. आता हे सगळे लोक मूर्ख होते का? नाही. घरोघरची माणसं परत आली नव्हती. एक जरी परत आलेला दिसला तरी, आपलाही येईल, अशी आशा होती. तोतया हे अठराव्या शतकातलं टाइम मशीन होतं. त्यात बसलेला समाज पंधरा वर्षं मागे जाऊ पाहत होता आणि त्याची किंमत वर्तमानातल्या राज्याला मोजावी लागली.

आपल्या संगमनेरचे अनंत फंदी १७४४ चे. पानिपत झालं तेव्हा ते सोळा-सतरा वर्षांचे होते आणि १८१८ मध्ये पेशवाई बुडाली तेव्हाही हयात होते. पुढच्याच वर्षी गेले. एका माणसाच्या आयुष्यात हे सगळं बसलं. आपण पुस्तकात या दोन तारखा दोन पानांवर वाचतो आणि मधली रेघ सरळ काढतो. फंदींना ती रेघ दिसत नव्हती. रोजचा दिवस उजाडत होता, डफावर थाप पडत होती.

आणि इतिहासाचा असा नाका पाहायला पानिपतला जायलाच पाहिजे असंही नाही. आपल्याच तालुक्यातल्या पेमगिरीवर शहाजीराजांनी निजामशाहीतला एक लहान मुलगा गादीवर बसवला आणि त्याच्या नावाने कारभार सुरू केला. १६३३ च्या आसपासची ही गोष्ट. शिवाजीराजे तेव्हा तीन वर्षांचे. १६३६ मध्ये निजामशाही संपली. आज पेमगिरीचा प्रचंड वड बघायला आपण जातो, सेल्फी काढतो, आणि हा एक फसलेला प्रयत्न असं म्हणून उतरतो. पण गादीवर पोराला बसवताना शहाजीराजांसमोर फसणं लिहून ठेवलेलं नव्हतं. एक राज्य उभं करून चालवता येतं, हा अनुभव त्या तीन वर्षांत मिळाला. तो पुढे कुणाच्या घरात जाणार होता, हे त्यांनाही ठाऊक नव्हतं.

तसंच नोव्हेंबर १६७९. जालन्याची मोहीम करून शिवाजी महाराज परतत होते. आपल्या याच परिसरात मोगली फौजेने गाठलं. सिधोजी निंबाळकर पडले. पुढे वाट अडलेली. बहिर्जी नाईकांनी आडवाटेने महाराजांना पट्ट्यावर नेलं. तोच आपल्या शेजारच्या अकोले तालुक्यातला विश्रामगड. युवराज संभाजीराजे तेव्हा दिलेरखानाकडून निघून अजून पन्हाळ्यावर पोचले नव्हते. जर बहिर्जींना ती वाट सापडली नसती तर? इथे थांबा. लगेच चारशे वर्षांची नवी कादंबरी लिहायला बसू नका. 'जर'चा खेळ खेळायचा तर त्याला नियम पाहिजेत. बदल लहान हवा, म्हणजे एक वाट, एक गोळी. तो त्या काळच्या माणसांच्या आवाक्यातला हवा. आणि जितकं पुढे जाऊ तितका आपला आवाज खाली आला पाहिजे. पहिल्या दिवसाबद्दल बरंच सांगता येईल, पहिल्या वर्षाबद्दल थोडं, शंभर वर्षांबद्दल काहीच नाही. आजकाल मोबाइलवर जे 'जर' फिरतात त्यांचं बरोबर उलटं असतं. पुरावा एका ओळीचा आणि निष्कर्ष तीनशे वर्षांचा. असा 'जर' बहुतेक वेळा कुणावर तरी राग काढण्यासाठीच रचलेला असतो.

एवढं सगळं इतिहासाबद्दल झालं. आता थोडं घरचं सांगतो, कारण या विषयाची गरज आम्हाला खरी कळली ती ग्रंथालयात नव्हे.

आमचं गाव तळेगाव भागातलं. म्हणजे तुम्हाला वेगळं सांगायला नको, जिरायत. बाजरी, हुलगा, मठ, आणि पाऊस आला तर. निळवंडे धरणाची कल्पना पुढे आली १९७० साली. बहात्तरच्या दुष्काळात आमचे वडील, आम्ही त्यांना दादा म्हणत असू, रोज कामावर खडी फोडायला जायचे. घरात मिलो आणि सुकडी. आमच्या बांधाजवळ एक दगड होता. मोजणीवाल्यांनी रोवलेला, कालव्याची खूण, असं दादा म्हणायचे. तो खरंच कालव्याचा होता का, ते आजही आम्ही सांगू शकत नाही. पण पोळ्याला बैलांच्या शिंगांना हिंगूळ लावून झाला, की उरलेलं एक बोट दादा त्या दगडाला लावायचे.

पुढे आम्ही शिकलो, नोकरी लागली, तत्त्वज्ञानात डॉक्टरेट झाली. १९८६ च्या सुमारास गावात घर बांधायचं निघालं. आम्ही दादांना म्हटलं, जमीन विकू. ते म्हणाले, पाणी येणार आहे. आम्ही तेव्हा ऐन तिशी-पस्तिशीत, शिकलेले. आम्ही म्हणालो, "दादा, पाणी येईल तेव्हा तुम्ही नसाल."

दादा काही बोलले नाहीत. पायातली वहाण काढून उंबऱ्याशी झटकली आणि आत गेले. १९९१ मध्ये ते वारले. २०२३ साली डाव्या कालव्यात पाणी सुटलं. पंच्याऐंशी किलोमीटरचा कालवा, एकशे ब्याऐंशी गावं. धाकट्या भावाचा फोन आला, म्हणाला, दादा पाहिजे होते.

अॅरिस्टॉटलने एक प्रश्न टाकून ठेवलाय. उद्या समुद्रावर लढाई होईल, असं मी आज म्हटलं. आणि उद्या ती झाली. मग माझं वाक्य आजच खरं होतं का? आजच खरं असेल, तर लढाई टळणं शक्यच नव्हतं, मग माणसांनी विचार, खटपट करायची कशाला? आम्ही हा प्रश्न तीस-बत्तीस वर्षं वर्गात शिकवला. फळ्यावर लिहिला, परीक्षेत घातला. आणि आमचंच वाक्य त्याचं उदाहरण आहे, हे आम्हाला कळायला २०२३ उजाडावं लागलं. आमचं भाकीत खरं ठरलं. पण म्हणताना आमच्याकडे काय होतं? भविष्याचं ज्ञान होतं का? नव्हतं. फक्त घाई होती, आणि थोडी शिकल्याची मिजास. आम्ही दादांशी असे बोललो, जणू पुढे जाऊन बघून आलोय.

आता लुइसचा टिम आठवा. आम्हाला यंत्र मिळालं, आम्ही १९८६ च्या त्या ओसरीवर पोचलो, तरी ते वाक्य मागे घेता येणार नाही. ते म्हणून झालंय. आणि समजा दादांना गाठून खरं ते सांगितलं असतं, की दादा, पाणी सदतीस वर्षांनी येणार आहे, तर? आम्ही यावर पुष्कळ विचार केला आहे. दादांनी बहुतेक जमीन विकली असती. पोरांचं घर झालं असतं. आणि २०२३ मध्ये पाणी आलं असतं ते दुसऱ्याच कुणाच्या शेतात. आज भावाच्या रानात पाणी आहे ते दादांना निकाल माहीत नव्हता म्हणून. न कळण्यात ते चार एकर जपले गेले. आम्हाला तेव्हा तो भाबडेपणा वाटला. मोजणीच्या दगडाला हिंगूळ लावणारा माणूस भाबडा वाटणारच. पण शहाजीराजे पेमगिरीवर जे करत होते आणि बहिर्जी रात्री जी वाट शोधत होते, त्याच जातीचं हे होतं. उद्या उघडा आहे असं धरून आज काम करणं.

म्हणून आम्ही म्हणतो, की काळयंत्राचा खरा उपयोग मागच्यांना उपदेश करायला नाही. त्यांच्या शेजारी जाऊन बसायला आहे. त्यांना जे दिसत नव्हतं, ते आपणही थोडा वेळ बघायचं नाही, मग कळतं त्यांनी काय केलं ते. हे करायला निकेलच्या कांड्या लागत नाहीत. एखादं जुनं पत्र, सातबारा, बखर, पोवाडा, घरातली वहीसुद्धा पुरते. तुमच्या घरात म्हातारी माणसं असतील तर त्यांना हा एक प्रश्न विचारून बघा, की तेव्हा तुम्हाला पुढे काय होईल असं वाटलं होतं? काय झालं, ते विचारू नका, ते तुम्हाला माहीतच आहे. काय वाटलं होतं, ते विचारा. आम्ही दादांना विचारलं नाही.

आणि दुसरं, पुढच्यांसाठी. नातू परवा विचारत होता, इतिहास घेऊन पुढे काय होईल? आमच्या तोंडावर उत्तर आलं होतं. तुम्हीही ते ऐकलं असेल, काही जणांनी दिलंही असेल, की यात काही स्कोप नाही. आम्ही ते गिळलं. म्हटलं, बाबा, आम्ही पुढे जाऊन आलेलो नाही. तुला काय वाटतं ते सांग.

त्याचं उत्तर बरंच लांबलं. ते ऐकण्यात आज इथे यायला दहा मिनिटं उशीर झाला, त्याबद्दल आयोजकांची माफी मागतो. (हशा) मागे जाऊन ती दहा मिनिटं परत आणता येणार नाहीत, हे तर आता आपण पाहिलंच.

इथे थांबतो.